कार्टूनच्या टेबलावरचा आरसा

मित्रांनो, मला बघायला येणारी माणसं मला कधीच बघत नाहीत. ती माझ्यापुढे वाकतात, केस सारखे करतात, दातात काही अडकलंय का ते पाहतात आणि चालू लागतात. माझ्या चौकटीचा एक कोपरा निखळलाय, कडेने काळे डाग पडलेत, याच्याकडे कुणाचं लक्ष जात नाही. त्याचं मला वाईट वाटत नाही. आरशाचा जन्म घेतला की हे आलंच. तर मी एक जुना आरसा आहे. माझं सगळं आयुष्य कार्टून काढणाऱ्या एका माणसाच्या टेबलावर गेलं.

आरसा म्हटलं की भाषणं करणाऱ्यांना लगेच 'समाजाचा आरसा' आठवतो. तो मी नव्हे. मी साधा, लाकडी चौकटीतला, हातभर उंचीचा आरसा. कुठल्याही गोष्टीवर मला मत नाही. समोर जे येतं ते दाखवतो आणि ते गेलं की विसरायचा प्रयत्न करतो. काही गोष्टी विसरता येत नाहीत, त्याला माझा इलाज नाही.

माझा जन्म काचेच्या एका कारखान्यात झाला. कारागिराने माझ्या पाठीवर चांदीचा पातळ मुलामा चढवला, त्यावर तांबूस रंग फासला आणि वाळल्यावर मला उजेडात धरलं. स्वतःचं नाक इकडून तिकडून बघून तो म्हणाला, "ठीक आहे." नाक ठीक होतं की मी, ते मला आजतागायत कळलेलं नाही. खरं म्हणजे मी एका न्हाव्याच्या दुकानात जायचा होतो. पण माझ्या काचेत खालच्या बाजूला एक बारीकशी लहर राहून गेली होती. न्हाव्याने मला पाहिलं आणि मान हलवली. "यात गिऱ्हाइकाची हनुवटी वाकडी दिसेल," तो म्हणाला, "आणि दाढी चुकली म्हणून बोल मला लागतील." त्याच वेळी दुकानात एक मिशीवाला माणूस उभा होता. त्याने माझ्यात डोकावून हनुवटी वर-खाली केली. ती रबरासारखी ताणली गेली, तसा तो खो खो हसला. "हा मला द्या," तो म्हणाला. नाकारलेल्या मुलाला चांगलं घर मिळावं तसं माझं झालं.

त्या माणसाला सगळे मास्तर म्हणत, जरी त्यांनी कुठल्या शाळेत कधी शिकवलं नव्हतं. एका छापखान्याच्या वर त्यांची लांबलचक खोली होती. खिडक्यांशी चित्रकारांची टेबलं होती आणि पलीकडे रंगाची खोली. तिथे मुली काचेसारख्या पारदर्शक कागदांवर रंग भरायच्या. अशी ढीगभर चित्रं एकामागून एक कॅमेऱ्याखाली धरली की पडद्यावर अस्वल चालायला लागायचं. ही छोटी चित्रं थिएटरात मोठ्या सिनेमाच्या आधी दाखवत. मोठा सिनेमा पडला तरी आमच्या अस्वलासाठी लोक वेळेवर येऊन बसायचे.

तुम्ही म्हणाल, यात आरशाचं काय काम? मित्रांनो, कार्टून काढणारा माणूस आधी स्वतः तोंड वेडंवाकडं करतो. भुवई रागाने कुठवर चढते, हसू दाबताना गाल कुठे फुगतो, हे तो आरशात बघतो आणि मग कागदावर उतरवतो. मास्तर दिवसभर माझ्यापुढे बसून रडायचे, रुसायचे, दचकायचे. नवखा माणूस दारात आला, की याला डॉक्टरला दाखवावं की काय, असं त्याच्या चेहऱ्यावर उमटायचं. तेही मास्तर माझ्यात बघायचे आणि लगेच उतरवून घ्यायचे.

आमच्या चित्रांत एक अस्वलांचं कुटुंब होतं. अस्वलराव, अस्वलीणबाई आणि दोन व्रात्य पोरं. पण प्राणी हे नुसते वरून घातलेले कपडे. आत माणसंच असायची, आणि तीही आमच्याच गल्लीतली. अस्वलराव कचेरीतून घरी आले की टोपी एकीकडे, बॅग दुसरीकडे, आणि स्वतः खुर्चीत पेपरमागे. तोंडात चिरूट. अस्वलीणबाई मात्र सतत चुलीपुढे. तिचा रुसवा काढायचा असला की मास्तर स्वतःच्या मिशांखाली ओठांचा असा चंबू करायचे, की बघणाऱ्याची हसून मुरकुंडी वळावी. इतकी वर्षं मी तिला पाहिलं, पण बसलेली कधी पाहिली नाही. मास्तरांनी तिच्या स्वयंपाकघरात खुर्चीच काढली नव्हती. असं कुणी मुद्दाम ठरवलं नव्हतं. कुणाच्याच स्वयंपाकघरात तेव्हा बाईसाठी खुर्ची नसायची, म्हणून चित्रातही नव्हती.

मग लढाई आली. ती दूर कुठेतरी चालली होती, पण आमच्या कागदांवर उंदीर आले. त्यांच्या अंगावर शत्रूचे गणवेश, डोळ्यांवर जाड भिंगांचे चष्मे आणि पुढे आलेले दात. मास्तर वरचे दात ओठांवर काढून माझ्यापुढे तासन् तास बसायचे. लोक ते उंदीर पाहून टाळ्या पिटायचे. लढाई संपली, तसे उंदरांचे गणवेश उतरले आणि गळ्यात टाय आले. आता तेच उंदीर दारोदार फिरून अस्वलीणबाईला कपडे धुण्याचं यंत्र विकू लागले. दात तेवढे जुनेच ठेवले होते.

पुढे बायका नोकऱ्या करू लागल्या. लगेच अस्वलीणबाईच्याही खांद्याला पर्स आली. त्या चित्रात ती कचेरीत जाते आणि इकडे घरात दूध उतू जातं, पोरं पंख्याला लटकतात, अस्वलराव साबणाच्या फेसावरून घसरत थेट जिन्याखाली. शेवटी बाई पर्स भिरकावून चुलीपुढे परत येते आणि सगळे सुखी होतात. थिएटरात शिट्ट्यांचा पाऊस पडला. ते चित्र रंगवणाऱ्या आमच्या सगळ्या मुली संध्याकाळी हात धुऊन, पर्स खांद्याला लावून घरी जायच्या. त्यांनाही ते चित्र पाहून हसू यायचं. मी म्हटलं ना, मला मत नाही. पण एखाद्या काळात लोक कशाला हसत, हे कळलं की त्या काळाची नाडी सापडते. तेवढं मला त्या टेबलावर कळलं.

आता मामांकडे येतो. मामा आमच्या इमारतीचे दरवान. उंच, काटकुळे, डोक्यावर जुनी टोपी आणि कमरेला किल्ल्यांचा भला मोठा जुडगा. लहानपणी एका पायावरून गाडीचं चाक गेलं होतं, त्यामुळे ते लंगडत चालायचे. रोज सकाळी सगळ्यांच्या आधी ते वर यायचे, खिडक्या उघडायचे आणि टेबलं पुसायचे. मला पुसताना ते माझ्यासमोर उभे राहायचे, काचेवर तोंडाची वाफ सोडायचे आणि फडकं गोल फिरवायचे. मग कुणी नाही असं पाहून टोपी थोडी तिरकी करायचे. आवडली तर तशीच ठेवायचे, नाहीतर सरळ करून निघून जायचे. दिवसभर मास्तरांची तोंडं बघून मी दमायचो, पण सकाळचा तो एक चेहरा मला आवडायचा. त्याला माझ्याकडून काही काढून घ्यायचं नव्हतं.

मामांची एकुलती एक लेक रंगाच्या खोलीत कामाला होती. हात हलका, रेषेबाहेर रंग कधी जायचा नाही. दुपारी बापलेक जिन्यावर बसून एकाच डब्यातून जेवायचे. ती बोलायची आणि मामा नुसते हुंकार द्यायचे.

एकदा मास्तरांना अस्वलांच्या इमारतीसाठी एक दरवान हवा होता. दोन दिवस काही सुचेना. कागद चुरगळून फेकून खोलीभर बोळे झाले. मग जिन्यावर किल्ल्या वाजल्या आणि मामा कसलंसं पाकीट घेऊन वर आले. मास्तरांच्या डोळ्यांत एकदम चमक आली. मी ती चमक ओळखायचो. ती आली की कुणाची तरी खोड कागदावर येणार हे नक्की असायचं. मामा खाली गेल्यावर मास्तरांनी मला खोलीच्या टोकाला खुर्चीवर टेकवून ठेवलं, कमरेला एक साखळी अडकवली आणि लंगडत माझ्याकडे चालत आले. पुन्हा मागे गेले, पुन्हा आले. चित्रकार टेबलांवर डोकी ठेवून हसत होते. संध्याकाळपर्यंत कागदावर एक करकोचा उभा राहिला. लांब पाय, तिरकी टोपी, किल्ल्यांचा जुडगा. चित्रांना संगीत देणाऱ्या बाजावाल्याने त्याच्या लंगडत्या पावलासाठी एक आवाज शोधला, 'टुणुक'. चित्रातली अस्वलाची पोरं त्याला मामाच म्हणायची.

मास्तर वाईट माणूस नव्हते, हे मुद्दाम सांगतो. थंडीत त्यांनी मामांना स्वतःचा कोट दिला होता. मामा आजारी पडले की डॉक्टरांना तेच घेऊन जायचे. त्यांनी करकोचा काढला तो दुष्टपणाने नव्हे. लंगडणाऱ्याला हसायचं असतं, जाड्याला हसायचं असतं, अडखळत बोलणाऱ्याला हसायचं असतं, हे त्या काळी कुणाला शिकवावंच लागत नसे.

चित्रं रंगायला गेली. थोड्या वेळाने मामांची लेक रंग न वाळलेला कागद दोन्ही हातांनी धरून मास्तरांपुढे आली.

"मास्तर, हे बाबा आहेत."

"कोण? अगं, करकोचा आहे तो. पक्षी!"

"पक्ष्याच्या कमरेला आमच्या किल्ल्या आहेत."

हातच्या काकणाला आरसा कशाला, असं म्हणतात. करकोचा कोण हे कळायला खोलीत कुणालाच माझी गरज नव्हती. मास्तर जरा ओशाळले आणि मग मोठ्याने हसले. "वेडी की काय तू! घटकाभर करमणूक आहे. मी काय मामांचं वाईट चिंतलंय?"

"तेवढा प्रसंग काढून टाका ना. दुसरं काहीही काढा. मी पुन्हा सगळं रंगवून देईन, जास्त बसेन."

"अगं, तेवढाच तर प्रसंग जमलाय! थांब, मामांनाच विचारू."

मामांना वर बोलावलं. त्यांनी कागद पाहिला. मग लेकीकडे पाहिलं, मास्तरांकडे पाहिलं, आणि टेबलांवरून माना वर करून बसलेल्या सगळ्यांकडे पाहिलं. "छानच जमलाय की," ते म्हणाले. "टोपी मात्र माझ्यापेक्षा ऐटदार आहे हां, मास्तर." सगळे हसले, मामाही हसले. आमच्याकडे हसायला काही किंमत पडत नसे. 'नको' म्हटलं असतं तर मात्र नोकरी गेली असती, आणि ते मामांना ठाऊक होतं. लेक कागद घेऊन रंगाच्या खोलीत गेली आणि तिने उरलेला करकोचा रंगवला. रेष कुठेही चुकली नाही.

ते चित्र खूप चाललं. मास्तरांनी सगळ्यांना पास दिले होते. मी काही थिएटरात गेलो नाही, पण दुसऱ्या दिवशी मुली बोलत होत्या ते ऐकलं. मामा लेकीशेजारी बसले होते. करकोचा जिना चढू लागला, 'टुणुक-टुणुक' झालं आणि सगळं थिएटर हसून लोळलं. मामांनी टाळ्या वाजवल्या. लेकीने हात मांडीवर घट्ट धरून ठेवले होते. बाहेर पडताना चार पोरांनी मामांची चाल पाहिली. झालं! घरापर्यंत मागून 'टुणुक-टुणुक' करत वरात आली. त्या दिवसापासून ते रोजचंच झालं. पोरांचे बाप दारात उभे राहून गालातल्या गालात हसायचे आणि मग पोरांना "असं करू नये" म्हणायचे.

दुसऱ्या सकाळी मामा वर आले. खिडक्या उघडल्या, टेबलं पुसली. माझ्यापाशी येऊन थांबले, पण समोर आले नाहीत. बाजूला उभं राहून, हात लांब करून त्यांनी मला पुसलं. माझ्यात फक्त फडकं आणि चार बोटं दिसली. त्यानंतर त्यांनी मला नेहमी बाजूनेच पुसलं.

किल्ल्या वाजू नयेत म्हणून त्यांनी जुडग्याला चिंधी गुंडाळली. सगळे यायच्या आत ते दारापाशी स्टुलावर बसायचे ते सगळे जाईपर्यंत उठायचे नाहीत. त्यांना कुणासमोर चालायचं नव्हतं. पण एकजण कुरकुरलाच, "हल्ली साहेब लोक आले तरी मामा बूड हलवत नाहीत. पडद्यावर आले ना, डोक्यात हवा गेली." ज्याचं जळतं त्यालाच कळतं, मित्रांनो. बाकीच्यांना धूर दिसतो, आणि कधी कधी तोही नाही.

पुढच्या चित्राचं काम संपलं तशी लेकीने नोकरी सोडली. तिचं लग्न ठरलं होतं. शेवटच्या दिवशी तिने माझ्यापुढे उभं राहून केस बांधले. तेव्हा खोलीत कुणी नव्हतं. ओठ फारसे न हलवता ती म्हणाली, "ते चित्र एक दिवस जळून जाऊ दे." मग तिने पिन खोचली आणि गेली.

चित्र जळलं नाही. आमचे दिवस मात्र फिरले. घरोघरी टीव्ही आला आणि थिएटरातली छोटी चित्रं बंद झाली. टीव्हीसाठी घाईघाईने कामं व्हायची. अस्वलरावांचं शरीर जागच्या जागी, नुसतं तोंड हलायचं. तोंडंही ठरलेली पाच-सहा, तीच फिरवून फिरवून वापरायची. त्याला आरसा कशाला लागतो? अस्वलरावांच्या तोंडातला चिरूटही गेला. कुणीतरी वरून कळवलं की मुलांपुढे धूर नको. एका रात्रीत इतक्या वर्षांचं व्यसन सुटलं, असं माणसांच्या बाबतीत झालेलं मी पाहिलं नाही. मास्तरांचा हात कापू लागला. ते माझ्यापुढे बसायचे, पण आता तोंडं करायचे नाहीत. नुसते बघत राहायचे. एक दिवस ते आले नाहीत, आणि मग कधीच आले नाहीत. मामा त्यांच्या आधीच गेले होते. शेवटपर्यंत स्टुलावर बसलेले असायचे, असं ऐकलं.

खोलीचं कुलूप लागलं. टेबलासकट मला तळघरात नेऊन ठेवलं, तेही भिंतीकडे तोंड करून. वर्गात कधी कोपऱ्यात उभे राहिला असाल, तर ते काय असतं ते तुम्हाला सांगायला नको. ओल लागली आणि माझ्या कडेची चांदी काळी पडू लागली. कोळ्याने जाळं विणलं, त्याला तेवढी मी आधाराची जागा वाटलो. ही वर्षं सांगण्यासारखी नाहीत, म्हणून सांगत नाही.

मग एका संग्रहालयाच्या बाई आल्या. जुने सिनेमे गोळा करून नीट करायचे, हे त्यांचं काम. त्यांनी टेबल उचललं, मला उचललं, आमची जुनी रिळंही शोधून काढली. संग्रहालयात एक छोटी खोली आहे. पुढच्या भिंतीवर पडदा आणि मागच्या भिंतीशी मास्तरांचं टेबल. टेबलावर मी, माझ्यापुढे पाटी, 'हात लावू नये'. इतका मान मला उभ्या आयुष्यात मिळाला नव्हता. माझ्यात तोंडं बघायला आता फक्त शाळेच्या सहली येतात.

बाईंना ती चित्रं मुलांना दाखवायची होती. पण काय दाखवायचं आणि काय कापायचं, हा पेच होता. बाई मनाने चांगल्या. उंदीर त्यांना खटकत होते, पर्सवालं चित्र खटकत होतं, आणि करकोच्याचा प्रसंग तर काढूनच टाकायचा असं त्यांनी ठरवलं होतं. तेवढ्यात त्यांना कळलं की रंगाच्या खोलीतली एकजण अजून हयात आहे, आणि करकोचा ज्याच्यावरून काढला त्याचीच ती मुलगी. कापायच्या आधी एकदा तिला विचारावं, असं त्यांना वाटलं.

ती आली. केस पांढरेशुभ्र, पण चाल अजून झपझप. टेबलापाशी येऊन तिने माझ्याकडे पाहिलं. "तू आहेस होय अजून?" ती म्हणाली. मग तिने पिन काढून पुन्हा खोचली, जुन्या सवयीने.

"आजी," बाई म्हणाल्या, "आम्ही तो प्रसंग काढतोय. कुणाच्या पायाला हसायचं, हे आता मुलांना दाखवणं बरं नाही. तुमची हरकत नाही ना?"

"हरकत? अहो, जन्मभर मी दुसरं काय मागितलं? तेव्हा कुणी ऐकलं नाही. कापा. माझ्यासमोर कापा, म्हणूनच तर आले मी."

"एकदा बघायचंय का?"

"बघते. शेवटचं."

दिवा मालवला. पडद्यावर करकोचा आला. टोपी, किल्ल्या, जिना, टुणुक. आजी ताठ बसून बघत होती. अचानक म्हणाली, "पाय चुकलाय."

"म्हणजे?"

"बाबांचा डावा पाय अधू होता. ह्याचा उजवा आहे. रंगवताना सुट्या चित्रांत चाल कळत नाही, आणि थिएटरात मी बघितलंच नव्हतं, मान खाली घालून बसले होते."

मित्रांनो, यात माझा दोष नाही. डाव्याचं उजवं करणं हा माझा धर्म आहे. मास्तर डाव्या पायाने लंगडत माझ्याकडे आले, मी त्यांना उजवा दाखवला, आणि त्यांनी जसं दिसलं तसं काढलं. एरवी ते असं उलटं-सुलटं लक्षात ठेवायचे. पण त्या दिवशी सगळे इतके हसत होते की पाय कोणता, याची कुणाला पर्वा नव्हती. इतकी वर्षं इतक्या लोकांनी तो पाय पाहिला आणि नेमका पाय कुणीच पाहिला नाही.

"हे माझे बाबाच नव्हेत," आजी म्हणाली आणि तिने पडद्याकडे पाठ फिरवली. मागे मी होतो. माझ्यात पडदा दिसत होता, आणि पडद्यावर करकोचा जिना चढत होता. माझ्यात मात्र डावा पाय ओढत, किल्ल्यांवर हात ठेवत, वळणावर क्षणभर थांबून दम घेत. आजी उभी राहिली. चालत माझ्यापाशी आली. तिचा श्वास काचेवर उमटला आणि तिने घाईघाईने पदराने पुसला.

"पुन्हा लावा," ती म्हणाली.

बाईंनी पुन्हा लावलं. मग पुन्हा. तिसऱ्यांदा आजीने माझ्या काचेकडे बोट दाखवलं. "हे वळणावर थांबतात ना, ते अगदी असेच थांबायचे. मग वर बघायचे, अजून किती पायऱ्या आहेत ते. मास्तरांनी बघितलं होतं हो. चांगलं बघितलं होतं मेल्यानं." ती हसली आणि लगेच रडली. "आमच्या घरात बाबांचा एकही फोटो नाही. हे चित्र आल्यापासून ते कॅमेऱ्यासमोर उभेच राहिले नाहीत. माझ्या लग्नातसुद्धा फोटोच्या वेळी खांबामागे जाऊन उभे राहिले. माझ्या पोरांनी आजोबा पाहिलेलेच नाहीत."

बाईंनी यंत्र बंद केलं.

"कापू नका," आजी म्हणाली.

"पण आजी, मुलं हसतील."

"हसतीलच. तेव्हाही हसली होती. पण तुम्ही कापलंत की आम्ही कुणाला हसायचो ते कुणाला कळणार नाही, आणि माझे बाबाही जातील. दोन्ही नकोत. दाखवा. फक्त पोरांना एकट्यांना बसवू नका. कुणीतरी जवळ असू द्या."

आत्मवृत्ताच्या शेवटी उपदेश करायची रीत आहे, म्हणून दोन शब्द बोलतो. जुनी चित्रं सापडली तर ती फेकू नका, आणि ती खोटी चांगलीही करू नका. त्यांत तुमच्या आजी-आजोबांची स्वयंपाकघरं आहेत, त्यांची भीती आहे, त्यांचं हसू आहे, आणि ज्यांना हसले ती माणसंही आहेत. आज तुम्ही ज्याला हसता, त्याचंही चित्र कुठेतरी निघतच असेल. त्यात कोण आहे ते एकदा नीट बघा. आणि आरसा पुसायचा झाला तर कोरड्या फडक्याने पुसा. पाणी कडेने आत शिरतं आणि चांदी काळी पडते.

परवा पहिल्यांदा मुलांना चित्र दाखवलं. खोली भरली होती. आजी दाराशेजारच्या खुर्चीत बसली होती. अस्वलरावांना मुलं हसली, उंदीर पाहून त्यांनी बाईंना प्रश्न विचारून हैराण केलं, पंख्याला लटकलेल्या पोरांवर तर त्यांनी आरडाओरडा केला. मग करकोचा आला. टुणुक. काही मुलं हसली. टुणुक. पुढच्या रांगेतली एक मुलगी मागे वळून मोठ्याने म्हणाली, "त्याला दुखतंय का?"

भरलेल्या थिएटरांत हे चित्र किती वेळा लागलं असेल, पण हा प्रश्न कुणी विचारल्याचं मी ऐकलं नव्हतं. बाई उत्तर द्यायला उठल्या, पण त्यांच्या आधी आजीच बोलली.

"हो गं बाळा," ती म्हणाली, "थंडीत फार दुखायचं."